एसटीखाली मेला तर न्यायाधिकरण, कोठडीत मेला तर रिट

एसटीच्या धडकेत माणूस दगावला तर त्याच्या बायकोने पुढे काय करायचे, हे जिल्ह्याच्या गावातला कुठलाही वकील पाच मिनिटांत सांगतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरण बहुधा जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते. ती जिथे राहते तिथेच अर्ज करता येतो. नवऱ्याचे वय, उत्पन्न आणि घरात खाणारी तोंडे किती एवढे कळले की साधारण किती रक्कम निघेल याचा हिशेब अर्जाआधीच मांडता येतो. तोच माणूस पोलीस कोठडीतल्या मारहाणीने मेला, तर त्याच बाईला मुंबई उच्च न्यायालय किंवा त्याचे नागपूर, औरंगाबाद वा कोल्हापूरचे पीठ गाठावे लागते, मूलभूत हक्क मोडल्याबद्दलची रिट याचिका करावी लागते आणि किती मिळेल हे तिच्या वकिलालाही सांगता येत नाही, कारण त्याचे ठरलेले मोजमापच नाही.

हा फरक कायद्याच्या कुठल्या खोल तत्त्वातून आलेला नाही. विधिमंडळांनी एका बाजूला काम केले आणि दुसऱ्या बाजूला साठ वर्षे केले नाही, म्हणून तो उरला आहे. पोलिसी बळाच्या गैरवापरात जीव गमावलेल्यांच्या कुटुंबांसाठी आणि जखमी होऊन जगलेल्यांसाठी महाराष्ट्राने मोटार अपघाताच्या धर्तीवर जिल्हा पातळीचे दावा न्यायाधिकरण कायद्याने उभे करावे, हे या लेखाचे म्हणणे आहे.

याची मुळे सर्वोच्च न्यायालयाच्या दोन निकालांत आहेत. १९६२ मध्ये राजस्थान राज्य विरुद्ध विद्यावती या खटल्यात एक सरकारी जीप दुरुस्तीहून परत येताना चालकाच्या हयगयीने पादचाऱ्यावर गेली होती. न्यायालयाने राज्याला भरपाई द्यायला लावली. सरकारचा चालक आणि खासगी मालकाचा चालक यांत फरक करायचे कारण नाही, असे ठरले. तीनच वर्षांनी कस्तुरीलाल रलियाराम यांचा खटला आला. मेरठ पोलिसांनी सप्टेंबर १९४७ मध्ये अमृतसरच्या एका सराफी पेढीच्या भागीदाराला पकडून त्याच्याजवळचे शंभर तोळ्यांहून अधिक सोने आणि बरीच चांदी जप्त केली. पोलिसांच्या मालखान्यातून हेड कॉन्स्टेबलने सोने लंपास केले आणि तो पाकिस्तानात पळाला. हलगर्जी पोलिसांचीच होती हे मान्य होऊनही १९६५ च्या निकालात राज्याची सुटका झाली, कारण अटक आणि जप्ती ही राज्याची सार्वभौम कामे. म्हणजे जीप चालवताना सरकार जबाबदार, पण तीच जीप ज्या कामासाठी असते ते काम करताना नाही. हे योग्य नाही याची जाणीव न्यायालयालाही होती. संसदेने यावर कायदा करावा असे निकालातच सुचवले गेले. त्याआधी, १९५६ मध्ये, विधी आयोगाचा पहिलाच अहवाल नेमका याच विषयावर होता. साठच्या दशकात विधेयक लोकसभेत आलेही. त्याचा कायदा झाला नाही.

त्यानंतर न्यायालयांनी दुसरी वाट काढली, आणि तिचे श्रेय त्यांना द्यायलाच हवे. बिहारमध्ये निर्दोष सुटल्यावरही चौदा वर्षे तुरुंगात डांबलेल्या रुदुल शाह यांना १९८३ मध्ये घटनेच्या अनुच्छेद ३२ खाली ३५,००० रुपये मिळाले. दिल्लीत पोलिसांच्या मारहाणीत गेलेल्या नऊ वर्षांच्या मुलाच्या आईला १९९० मध्ये ७५,००० रुपये देण्याचा आदेश झाला. १९९३ चा नीलाबती बेहेरा निकाल सर्वांत महत्त्वाचा. ओडिशात बावीस वर्षांच्या मुलाला पोलिसांनी चौकीत नेले आणि दुसऱ्या दिवशी त्याचे प्रेत रेल्वेमार्गावर सापडले. मूलभूत हक्क मोडला असेल तेव्हा सार्वभौमत्वाची ढाल राज्याला वापरता येणार नाही, असे न्यायालयाने स्वच्छ सांगितले आणि आईला दीड लाख रुपये दिले. डिसेंबर १९९६ च्या डी. के. बसू निकालाने अटकेचे अकरा नियम घालून दिले आणि भरपाईचा मार्ग पक्का केला.

पण या मार्गाला दोन मोठ्या अडचणी आहेत. पहिली अशी की रिट याचिका शपथपत्रांवर चालते. साक्षीदार तपासले जात नाहीत, उलटतपासणी होत नाही. पोलिसांनी शपथपत्रात सगळे नाकारले की ‘वादग्रस्त तथ्ये आहेत, दिवाणी दावा करा’ असे उत्तर मिळू शकते. दुसरी अडचण जखमींची. २००६ च्या सुबे सिंग निकालाने सावधगिरीचा उंबरठा घातला: हक्कभंग उघड आणि निर्विवाद हवा, आणि छळाला मृत्यू, वैद्यकीय अहवाल, दिसणारे व्रण किंवा अपंगत्व यांचा आधार हवा. खोट्या तक्रारी टाळण्याचा हेतू समजण्यासारखा आहे. परिणाम मात्र असा की ज्याला खुणा न ठेवता मारले गेले, त्याचा दावा सर्वांत कमकुवत ठरतो. मारणाऱ्याचे कौशल्य त्यालाच वाचवते.

मग दिवाणी दावा का करू नये? आंध्रातल्या चल्ला रामकृष्ण रेड्डी खटल्याकडे पाहावे. १९७७ मध्ये उपकारागृहात बाँब टाकून एका कैद्याचा जीव घेतला गेला. हल्ल्याची भीती आधीच कळवूनही बंदोबस्त झाला नव्हता. मुलाने दावा केला. मुदत एक वर्षाची की तीन वर्षांची, हा वाद थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १,४४,००० रुपयांच्या हुकूमनाम्यावर शिक्का बसायला सन २००० उजाडले. कस्तुरीलालचा आधार आता उरलेला नाही असे त्या निकालात म्हटले गेले, तरी मोठ्या पीठाने तो निकाल रीतसर रद्द केलेला नाही. त्यामुळे सरकारी वकील आजही तो पुढे करू शकतो.

महाराष्ट्रात त्यावर आणखी एक कुलूप आहे: महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ चे कलम १६१. कर्तव्याच्या नावाखाली किंवा अधिकाराची मर्यादा ओलांडून केलेल्या कृत्याबद्दलचा दावा सहा महिन्यांत दाखल झाला नाही तर तो फेटाळायचा. त्याआधी संबंधित पोलिसाला किमान एक महिन्याची नोटीस द्यायची, ती कधी व कशी पोचवली हे वादपत्रात लिहायचे आणि नोटिशीची प्रत जोडायची. नोटीस चुकली तरी दावा जातो. सरकारलाही प्रतिवादी करायचे असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस वेगळी. ज्या माणसाचा हात प्लास्टरमध्ये आहे, ज्याच्यावर त्याच पोलीस ठाण्यात गुन्हा दाखल आहे आणि जो जामिनासाठी धावतो आहे, त्याने हे सहा महिन्यांत उरकायचे.

इथे एक गोष्ट नेमकी सांगायला हवी, कारण वकीलही तिथे चुकतात. कबुलीजबाबासाठी केलेली मारहाण हे ‘कर्तव्याच्या नावाखाली’ केलेले कृत्य नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकातच सांगितले आहे. महाराष्ट्र राज्य विरुद्ध आत्माराम हा १९६६ चा निकाल याच कलमावरचा आहे. तेव्हा कोठडीतल्या थर्ड डिग्रीला सहा महिन्यांची मुदत लागू नाही, हे वादपत्राच्या पहिल्या परिच्छेदातच मांडावे. खरी अडचण लाठीमार, गोळीबार आणि अटक करतानाच्या झटापटीत येते. तिथे बळ वापरण्याचा अधिकार असतोच, प्रश्न प्रमाणाचा असतो, आणि ‘अधिकाराची मर्यादा ओलांडून’ हे शब्द तंतोतंत लागू पडतात. मोर्चात डोळा गमावलेल्या मुलाचा दावा म्हणून मुदतीवर पडतो.

पुराव्याचे काय होते ते तपशिलात पाहू, कारण न्यायाधिकरण कसे असावे हे त्यावरूनच ठरते.

पहिला कागद वैद्यकीय. फौजदारी प्रक्रियेचा सध्याचा कायदा असलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५३ नुसार अटकेनंतर लगेच वैद्यकीय अधिकाऱ्याने तपासणी करायची, जखमा आणि त्यांची अंदाजे वेळ लिहायची आणि अहवालाची प्रत अटक झालेल्याला किंवा त्याने सांगितलेल्या व्यक्तीला द्यायची. तपासणीला आणणारा पोलीसच शेजारी उभा असतो आणि कागदावर ‘ताजी जखम नाही’ किंवा ‘पडून लागले’ एवढेच उतरते. रुग्णाने सांगितलेली हकीकत त्याच्या शब्दांत लिहा, असा आग्रह वकिलाने धरावा. प्रत्येक जखमेची जागा, सेंटिमीटरमध्ये लांबी-रुंदी आणि रंग यायला हवा. फोटोत शेजारी मोजपट्टी हवी. काठीच्या फटक्याचा वळ बहुधा दोन समांतर रेषांचा उठतो आणि मधली कातडी फिकट राहते. तशी नोंद असेल तर ‘जिन्यावरून पडला’ ही गोष्ट टिकत नाही. खोलवरचा मार पहिल्या दिवशी दिसतच नाही, दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी कातडीवर येतो; म्हणून दुसरी तपासणी मागायलाच हवी, आणि ती बहुतेक वेळा कुणी मागत नाही. मांड्या, नितंब आणि पाठीवर सतत मार बसला की स्नायू चिरडतात, त्यांतले मायोग्लोबिन रक्तात उतरते आणि मूत्रपिंडे निकामी होऊ शकतात. लघवी काळसर चहासारखी होणे ही या इजेची खूण, आणि रक्तात वाढलेले क्रिएटिन कायनेज हे स्नायूंतले द्रव्य हा तिचा पुरावा. ही साधी तपासणी झाली नाही तर चौथ्या दिवशीच्या मृत्यूवर केवळ ‘मूत्रपिंड निकामी’ असे कारण लागते आणि मारहाण कागदावरून पुसली जाते. शवविच्छेदनात तळपाय आणि नितंबांची कातडी उघडून आतले रक्त साकळले आहे का हे पाहायला हवे. नुसत्या वरवरच्या पाहणीत ते सुटते.

दुसरा कागद न्यायालयाचा. चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यापुढे उभे केल्यावर ‘पोलिसांविरुद्ध तक्रार आहे का?’ हा प्रश्न विचारला जातो आणि मागे तेच पोलीस उभे असताना ‘नाही’ असे उत्तर येते. रोजनाम्यातला तो एक शब्द पुढे वर्षानुवर्षे आड येतो. तक्रार असेल तर तिथेच, लेखी अर्जाने, जखमा दाखवून नोंदवून घेतली पाहिजे.

तिसरा पुरावा सीसीटीव्हीचा. परमवीरसिंग सैनी प्रकरणात २ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक पोलीस ठाण्यात आवाजासह चित्रण करणारे, रात्रीही चालणारे कॅमेरे लावायला सांगितले: प्रवेशद्वारे, कोठड्या, व्हरांडे, स्वागतकक्ष, अधिकाऱ्यांच्या खोल्या, स्वच्छतागृहांबाहेरची जागा, ठाण्याची मागची बाजू. चित्रण १८ महिने जपायचे. तेवढी साठवण मिळत नसेल तर किमान एक वर्ष. गंभीर इजा किंवा कोठडीतला मृत्यू झाला तर पीडिताला मानवी हक्क आयोगाकडे किंवा मानवी हक्क न्यायालयाकडे जाऊन ते चित्रण जतन करून घेता येते. प्रत्यक्षात नेमक्या त्या रात्री कॅमेरा बंद असल्याचे उत्तर येते, आणि त्याची किंमत कुणालाच मोजावी लागत नाही. घटनेनंतर पहिल्या आठवड्यातच तारीख, वेळेची खिडकी आणि कॅमेऱ्यांच्या जागा लिहून चित्रण जपण्याची लेखी मागणी ठाणे प्रमुख, पोलीस अधीक्षक आणि दंडाधिकारी या तिघांकडे पोच घेऊन द्यावी. तोंडी मागणीला काहीच किंमत नाही.

आणि मग दंडाधिकारी चौकशी. कोठडीत मृत्यू झाला की नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९६ नुसार ती सक्तीची आहे. परभणीत डिसेंबर २०२४ मध्ये सोमनाथ सूर्यवंशी हा विधी शाखेचा विद्यार्थी न्यायालयीन कोठडीत मरण पावला. दंडाधिकाऱ्यांच्या चौकशीत पोलिसांवर ठपका आला. तरीही साधा गुन्हा नोंदवून घेण्यासाठी आईला औरंगाबाद खंडपीठात जावे लागले. ४ जुलै २०२५ रोजी खंडपीठाने आदेश दिला. राज्य सरकार त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले आणि ३० जुलैला तिथेही हरले. चौकशीचा अहवाल आल्यावर त्याचे पुढे काय करायचे, याबद्दल कलम १९६ गप्प आहे. एक न्यायिक अधिकारी साक्षी घेतो, शवविच्छेदन तपासतो, निष्कर्ष लिहितो, आणि त्या कागदाला पुढचा पत्ताच नसतो.

मोटार वाहन कायद्यात तो पत्ता आहे. पोलिसांनी पाठवलेला अपघाताचा अहवाल हाच भरपाईचा अर्ज मानावा, असे कलम १६६ सांगते. त्या कायद्यातही २०१९ च्या दुरुस्तीने अर्जाला सहा महिन्यांची मुदत घातली आहे आणि ती चूकच आहे. पण निदान अहवालातून दावा आपोआप सुरू होण्याची सोय तिथे आहे. कोठडी मृत्यूच्या चौकशी अहवालाला हाच नियम लावता येतो. अहवाल सही होताच जिल्हा न्यायाधिकरणाकडे जावा, तोच दावा मानला जावा आणि कुटुंबाला नोटीस जावी.

रकमेचाही हिशेब करून पाहावा. अठ्ठावीस वर्षांचा बांधकाम मजूर, महिन्याला १५,००० रुपये मिळवणारा, मागे बायको, दोन मुले आणि आई. अपघात दाव्यातल्या २०१७ च्या प्रणय सेठी निकालानुसार चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगारी माणसाच्या उत्पन्नात भविष्यातल्या वाढीचे ४० टक्के मिळवायचे: २१,०००. अवलंबून असलेले चार, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा एक चतुर्थांश वजा: १५,७५०. वर्षाचे १,८९,०००. २००९ च्या सरला वर्मा निकालातल्या तक्त्यात २६ ते ३० वयासाठी गुणक १७, म्हणजे वर्षाच्या रकमेला १७ ने गुणायचे. एकूण ३२,१३,००० रुपये. अंत्यसंस्कार आणि सहवास गमावल्याची रक्कम वेगळी. एप्रिल २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने तुरुंगातल्या कैद्यांच्या मृत्यूसाठी जे धोरण मंजूर केले त्यात मारहाण किंवा हयगयीने झालेल्या मृत्यूला ५ लाख आणि आत्महत्येला १ लाख अशी सपाट रक्कम आहे. धोरण आले हे बरेच झाले. पण बसखाली गेलेल्या मजुराच्या आयुष्याची किंमत बत्तीस लाख आणि सरकारच्याच ताब्यात असताना मारल्या गेलेल्याची पाच लाख, याचे समर्थन कुणी कसे करणार?

याला विरोध तीन अंगांनी होतो. गुन्हेगारांना पैसे का, हा पहिला. ज्याचा गुन्हा सिद्ध व्हायचा आहे त्याची शिक्षा ठरवणे पोलिसांचे काम नाही, आणि भरपाई बहुधा जाते ती त्याच्या मुलांकडे. पोलिसांचे हात बांधले जातील, हा दुसरा, आणि तो गंभीरपणे घ्यायला हवा. अटकेला विरोध झाला तर आवश्यक तेवढे बळ वापरायची मुभा कायदा देतो, बेकायदा जमाव पांगवण्याची आणि स्वसंरक्षणाचीही. ते बळ न्यायाधिकरणापुढेही कायदेशीरच राहील. फक्त ताब्यात घेतल्यानंतर झालेल्या इजेचा खुलासा करण्याचा भार पोलिसांवर हवा. विधी आयोगाने १९८५ च्या ११३ व्या अहवालात पुरावा कायद्यात असेच गृहीतक घालायला सांगितले होते. २०२३ चा नवा साक्ष्य अधिनियम लिहितानाही ती संधी सोडली गेली.

तिसरा विरोध असा की गुन्हा दाखल करा, शिक्षा करा, पैशाचे काय घेऊन बसलात. फौजदारी खटला हवाच. पण त्यात संशयापलीकडचा पुरावा लागतो, भरपाईला शक्यतेचे पारडे झुकले तरी पुरते. गुजरातहून अमेरिकेत मुलाकडे गेलेले सुरेशभाई पटेल फेब्रुवारी २०१५ मध्ये अलाबामातल्या मॅडिसनमध्ये रस्त्यावरून चालत होते. इंग्रजी येत नव्हते. पोलिसाने त्यांना जमिनीवर आपटले आणि त्यांना अर्धांगाचा त्रास जडला. फौजदारी खटल्यात दोनदा ज्यूरीचे एकमत झाले नाही आणि न्यायाधीशांनी अधिकाऱ्याला निर्दोष सोडले. दिवाणी दावा मात्र टिकला आणि २०२१ मध्ये साडेसतरा लाख डॉलरवर मिटला.

अमेरिकेची नक्कल करावी असे मात्र नाही. तिथल्या संघराज्यीय दाव्यांत ‘मर्यादित संरक्षणा’चा सिद्धान्त आहे: अगदी तशाच कृत्याला आधीच्या निकालाने बेकायदा ठरवलेले नसेल तर अधिकारी सुटू शकतो. आणि पैसे बहुधा शहराच्या तिजोरीतून जातात. जॉर्ज फ्लॉइड यांच्या कुटुंबाला मिनियापोलिसने २०२१ मध्ये दिलेले २ कोटी ७० लाख डॉलर हे त्याचे ठळक उदाहरण. कोलोरॅडोने जून २०२० मध्ये केलेला कायदा जास्त विचार करण्यासारखा आहे. राज्याच्या कायद्याखालच्या दाव्यात ते संरक्षण काढून टाकले. अधिकारी सद्भावनेने वागला नाही असे विभागाला आढळले तर भरपाईच्या ५ टक्के किंवा २५,००० डॉलर, यांतली कमी रक्कम त्याच्या खिशातून. बाकी विभाग देतो, आणि त्याच्याकडून वसूल न झालेला भागही विभागच देतो. कुटुंबाला थांबावे लागत नाही.

आपल्याकडे न्यायालये ‘राज्याने हवे तर दोषींकडून वसूल करावे’ असे लिहितात आणि ‘हवे तर’ला मुदत नसते. न्यायाधिकरणाच्या कायद्यात ती ९० दिवसांची असावी: वसूल करणार की नाही, किती, कुणाकडून, हा सकारण लेखी निर्णय, आणि तो विधिमंडळापुढे ठेवलेल्या वार्षिक तक्त्यात पोलीस ठाण्यानिहाय छापलेला. वसुली एकट्या शिपायावर टाकून चालणार नाही. त्या रात्रीचा ठाणे अंमलदार, कोठडीचा पहारा आणि तोंडी आदेश देणारा निरीक्षक यांचा वाटा ठरवावा लागेल. सगळी रक्कम व्यक्तीवर टाकली तर कनिष्ठ कर्मचारी बुडेल, वरिष्ठ सुटेल आणि कुटुंबाच्या हातात न वठणारा हुकूमनामा राहील. कॅमेरा बंद असल्याचे उत्तर आले तर दुरुस्तीची लेखी मागणी दाखवल्याखेरीज चित्रण पोलिसांविरुद्ध गेले असते असेच न्यायाधिकरणाने धरावे. जखमींसाठी अपंगत्वाच्या टक्क्यांवर तोच गुणक, आणि मानसिक आघाताची भरपाई वेगळी.

यासाठी दिल्लीकडे बघायची गरज नाही. पोलीस हा राज्यसूचीतला विषय आहे आणि दिवाणी अपकृत्ये समवर्ती सूचीत आहेत. न्यायाधिकरणाचा मसुदा, पदे, जागा यांना वर्ष-दोन वर्षे लागतील हे मान्य. कलम १६१ ला तेवढा वेळ लागत नाही. तो राज्याचाच कायदा आहे, एका अधिवेशनात दोन ओळींच्या दुरुस्तीने बदलता येतो: दाव्यांपुरती सहा महिन्यांची अट काढून तीन वर्षे, पीडित कोठडीत किंवा रुग्णालयात असेल तो काळ वगळून, आणि नोटिशीच्या चुकीवर दावा न फेटाळता ती सुधारायची संधी देऊन.